जलपर्णी : तळ्यावरचे तण व गावाचे काम

गोदाकाठच्या वाचकांस जलपर्णीची ओळख करून देण्याचे फारसे कारण नाही. उन्हाळा लागून नदीची धार तुटली व डोह तेवढे उरले, म्हणजे नांदेड शहराजवळच्या पात्रात ती हिरवी चादर पुलावरून जाणाऱ्या कोणासही दिसते. उमरी, मुदखेड, धर्माबाद व नायगाव ह्या भागांतील गावे त्याच नदीच्या खालच्या अंगास आहेत. नदीने, ओढ्याने, मासळीच्या जाळ्याने किंवा एखाद्या हौशी माणसाच्या हाताने ही वनस्पती त्यांच्या तळ्यांत केव्हा येऊन पडेल ह्याचा नेम नाही. म्हणून ती आली असता काय करावे, आणि आली नसता ती येऊ नये म्हणून काय करावे, ह्याचा विचार ह्या पाठात क्रमाने करण्याचे आम्ही योजिले आहे.

आरंभीच मुख्य गोष्ट सांगून ठेवितो. जलपर्णी एकदा काढली म्हणजे काम संपले अशी समजूत बहुतेक ठिकाणी असते, व तीच सर्व श्रम पाण्यात घालविते. पर्णी शेवटच्या रोपापर्यंत काढणे, नंतर तळ्यावर नजर ठेवणे, आणि तिला पोसणारे गटारीचे पाणी तोडणे, अशी ही तीन कामे आहेत. तिन्ही मिळून एकच काम होते. एक सोडले तर उरलेली दोन निष्फळ होतात.

१. ओळख

जलपर्णीची पाने गोलसर, जाड व तकतकीत असतात. पानाचा देठ मध्ये फुगलेला असतो. तो कापून पाहिला तर आत स्पंजासारखी पोकळी दिसते, व ह्या हवेमुळेच रोप तरंगते. खाली काळसर, पिसासारख्या मुळ्यांचा झुबका लोंबतो. फूल जांभळे असून वरच्या पाकळीवर पिवळा ठिपका असतो. फूल दिसावयास इतके सुंदर असते की पुष्कळ ठिकाणी शोभेसाठी म्हणून माणसांनीच ही वनस्पती घरी नेली. हिंदी मुलखात हिला जलकुंभी म्हणतात.

पाण्यावर दिसणारी प्रत्येक हिरवी वस्तू जलपर्णी नव्हे, हेही ध्यानात असावे. कमळ, कुमुदिनी व शिंगाडा ह्यांची मुळे तळाच्या चिखलात असतात. ती तळ्याची जुनी रहिवासी असून मर्यादेत असली तर मासळीस व पाखरांस उपयोगी पडतात. शेवाळ ही निराळीच वस्तू आहे. जनावरांच्या खाद्यासाठी शेतकरी हौदात वाढवितात तो अझोलाही निराळा. मात्र तोही हौदातच ठेवावा, तळ्यात सोडू नये. साल्व्हिनिया नावाचे दुसरे एक परदेशी तरंगते तण आहे. त्याची लहान पाने जोडीजोडीने असून वरून केसाळ असतात, आणि उपद्रवात ते जलपर्णीहून कमी नाही. ओळखीत घोटाळा झाला तर नको ते उपटले जाते व हवे ते राहून जाते. सबब काम सुरू करण्यापूर्वी एक रोप काठावर आणून ते सर्वांस दाखवावे.

२. ती आली कोठून

हिचे मूळ घर दक्षिण अमेरिकेतील ॲमेझॉन नदीचे खोरे होय. तेथे तिला खाणारे किडे आहेत, तिला लागणारे रोग आहेत, म्हणून ती आपल्या मर्यादेत राहते. एकोणिसाव्या शतकात फुलाच्या हौसेने लोकांनी ती देशोदेशी नेली. पण तिचे शत्रू मात्र मागेच राहिले. त्या शतकाच्या अखेरीस ती बंगालात आली व पंचवीस-तीस वर्षांत तेथील नद्या, बिले व भातखाचरे तिने व्यापिली. होड्या अडल्या, भात बुडाले, मासेमारी बसली. १९२१ साली सर जगदीशचंद्र बोस ह्यांच्या अध्यक्षतेखाली ह्या प्रश्नासाठी समिती बसविण्यात आली. १९३६ साली बंगालात जलपर्णीविषयी स्वतंत्र कायदा झाला, आणि आपल्या जागेतील पर्णी काढण्याचे दायित्व जमीनधारकावर आले. १९३७ च्या निवडणुकीत हिचा नायनाट करण्याचे वचन मतदारांस देण्यात आले. आणि १९३९ साली सरकारने जलपर्णी-सप्ताह पाळून गावोगावच्या लोकांस हे काम करण्यासाठी पाण्यात उतरविले.

ह्या इतिहासातून एक बोध घेण्यासारखा आहे. एका शेतकऱ्याने आपले डबके साफ केले व शेजाऱ्याने केले नाही, तर पहिल्या पुरात शेजाऱ्याची पर्णी त्याच्या डबक्यात येते. म्हणून कायदा सर्वांवर बसवावा लागला, व सप्ताह सर्वांचा करावा लागला. पाण्यास बांध घालता येतो, पण पाण्यावरच्या तणास सातबारा समजत नाही.

महाराष्ट्रातही हिने पाय पसरून पुष्कळ वर्षे झाली. पुण्याकडील मुळा, पवना व इंद्रायणी ह्या नद्यांवर दर उन्हाळ्यास ती पसरते व ती काढण्यासाठी नगरपालिकांस दरवर्षी मोठा खर्च पडतो. कोल्हापूरचा रंकाळा व चंद्रपूरचा रामाळा ह्या जुन्या तलावांसही तिने ग्रासिले होते. ह्या सर्व ठिकाणी एक गोष्ट समान आहे : शहराचे सांडपाणी त्या पाण्यात जात आले आहे.

३. ती वाढते कशी

जलपर्णी दोन वाटांनी वाढते. पहिली वाट अशी की एका रोपाच्या बुडातून आडवा धुमारा निघतो व त्याच्या टोकास दुसरे रोप येते. ऊब व खत भरपूर असेल तर एक-दोन आठवड्यांत रोपांची संख्या दुप्पट होते. हिशेबासाठी आपण पंधरा दिवस धरू. दिवाळीच्या सुमारास तळ्याच्या कोपऱ्यात १० रोपे आहेत असे समजा. पंधरा दिवसांनी २०, महिन्याने ४०, दोन महिन्यांनी १६०. येथवर कोणाचे लक्ष जात नाही. चार महिन्यांनी २,५६० होतात. तेव्हा लोक म्हणतात, कोपऱ्यात थोडे गवत आले आहे. आठ महिन्यांनी, म्हणजे मृगाच्या तोंडावर, हाच आकडा ६,५५,३६० होतो. एका चौरस मीटरात साठ-सत्तर रोपे मावतात असे धरिले, तर अडीच एकर पाणी झाकून गेले. थंडीत वाढ मंदावते व जागा संपली की गर्दीने ती थांबते, म्हणून प्रत्यक्षात आकडा थोडा इकडेतिकडे होईल. पण हिशेबाचे तात्पर्य बदलत नाही. दहा रोपे एका मुलास दहा मिनिटांत काढता येतात. साडेसहा लाख रोपांस यंत्र, ट्रॅक्टर व सारे गाव लागते. दोहोंमध्ये अंतर केवळ आठ महिन्यांच्या दुर्लक्षाचे आहे.

दुसरी वाट बियांची. फूल गळाल्यावर देठ वाकून पाण्यात जातो व बी तळाच्या चिखलात पडते. हे बी पंधरा-वीस वर्षेही जिवंत राहू शकते. तळे आटले, चिखल उघडा पडून पुन्हा ओला झाला, की ते रुजते. म्हणून तळे एखाद्या दुष्काळात कोरडे पडले तर वरची रोपे मरतात खरी, पण पुढल्या पावसाळ्यात काठाच्या चिखलात बारीक रोपे उगवतात व लोक म्हणतात, हे कोठून आले? ते कोठून आले नाही. ते तेथेच होते. तळ्यात एकदा फूल येऊ दिले, तर त्या वर्षी जन्मलेले मूल जाणते होईपर्यंत राखण करावी लागेल हे पक्के समजावे.

४. नुकसान

पर्णी दाट झाली म्हणजे खाली ऊन पोहोचत नाही व वाऱ्याची हवा पाण्यात मिसळत नाही. जुनी पाने कुजून उरलासुरला प्राणवायूही संपवितात, आणि मासे गुदमरून मरतात. ज्या भोई कुटुंबांनी तळ्याचा ठेका घेऊन मत्स्यबीज सोडिले असेल, त्यांचे भांडवल त्या हिरव्या चादरीखाली बुडते; जाळे टाकावयासही जागा उरत नाही.

मोकळ्या पाण्यातून जेवढी वाफ जाते त्याहून अधिक पाणी दाट पर्णीच्या पानांवाटे उडून जाते. लातुरास २०१६ च्या उन्हाळ्यात मिरजेहून आगगाडीने पाणी आणावे लागले, ही गोष्ट मराठवाड्यात कोणी विसरला नसेल. अशा मुलखात तळ्याच्या पाण्यावर एक परदेशी तण जगवावे ही चैन आपणांस परवडणारी नाही.

पानांच्या आडोशास डास वाढतात. काही जातींच्या डासांच्या अळ्या तर तरंगत्या वनस्पतींच्या मुळांतूनच श्वास घेतात. शिवाय हा हिरवा थर दुरून गवताच्या कुरणासारखा दिसतो. वासरू चरावयास म्हणून पाय टाकते व खाली जाते. लहान मूल फुलासाठी हात लांबविते. तळ्याकाठच्या घरांतील आईबापांनी ही गोष्ट मुलांस वेळीच व स्पष्ट सांगितली पाहिजे.

५. तिला पोसतो कोण

शुद्ध पाण्यात जलपर्णी जगते, पण माजत नाही. ती माजते ती सांडपाण्यातील मलमूत्र, साबण, शेण व शेतांतून वाहून आलेले खत ह्यांवर. त्यातही पाणी उभे असले तर तिचे फावते. गोदावरीवर आता विष्णुपुरी, आमदुरा, बळेगाव व बाभळी असे बंधारे आहेत. बाभळीचे दरवाजे सर्वोच्च न्यायालयाच्या २०१३ च्या निर्णयाप्रमाणे १ जुलैपासून २८ ऑक्टोबरपर्यंत उघडे राहतात. म्हणजे पाणी अडते ते पावसाळ्यानंतर, व उन्हाळ्याच्या अखेरपर्यंत ते उभे असते. पर्णीच्या वाढीचा काळही तोच. बंधाऱ्यांनी शेतीस पाणी दिले ही गोष्ट चांगलीच आहे. पण उभ्या पाण्यात घाण सोडण्याची जुनी सवय तशीच ठेवून चालणार नाही, एवढे त्यातून निघते.

आपल्या गावतळ्यांचे पाहा. गावातील नाली शेवटी कोठे जाते हे कोणी शोधले, तर बहुधा ती सखल भागाकडे, म्हणजे ओढ्याकडे किंवा तळ्याकडेच जाते. प्रत्येक घरची मोरी त्या नालीस मिळते. मग वर्षातून एकदा पर्णी काढणे म्हणजे एका हाताने वाढावयाचे व दुसऱ्या हाताने ताट ओढावयाचे असे होते.

ह्यावर उपाय आपल्याच जिल्ह्यात निघाला आहे. हिमायतनगर तालुक्यातील टेंभुर्णी गावाने घरोघर शोषखड्डे करून सांडपाणी जागच्या जागी जिरविले. उघड्या नाल्या नाहीशा झाल्या, डास हटले, व पुढे जिल्हा परिषदेने हीच रीत इतर गावांत नेली. बाहेर ती नांदेड पॅटर्न ह्या नावाने प्रसिद्ध झाली. टेंभुर्णीने हे डासांसाठी केले. पण ज्या पाण्यावर डास वाढतो त्याच पाण्यावर पर्णीही पोसते, म्हणून एकाच खड्ड्याने दोन्ही शत्रूंचे अन्न तुटते. हत्तीरोगाच्या मोहिमा ज्या जिल्ह्यांत चालत आल्या त्यांत नांदेडही आहे, हे लक्षात घेतले म्हणजे ह्या खड्ड्याचे मोल आणखी कळते.

शोषखड्डा करण्यास सोपा आहे. सुमारे ४ फूट लांब, ४ फूट रुंद व ४ फूट खोल खड्डा घ्यावा. त्यात तळाशी मोठे दगड घालावे, मध्ये भोके पाडलेली सिमेंटची टाकी बसवावी, व भोवती दगडगोटे भरून वर झाकण घालावे. मोरीचे पाणी नळीने टाकीत सोडावे. गाळ टाकीत बसतो व पाणी भोकांतून जमिनीत मुरते. टाकीतील गाळ अधूनमधून काढावा. काळ्या चिकण जमिनीत पाणी जिरत नाही, म्हणून आमच्याकडील रेगडीत मुरूम लागेपर्यंत खोल जावे. विहीर किंवा हातपंप ह्यांपासून खड्डा चांगला दूर असावा, आणि शौचालयाचे पाणी ह्यात कदापि सोडू नये.

६. काढण्याची रीत

तळे कोणाच्या ताब्यात आहे हे प्रथम पाहावे. ते ग्रामपंचायतीचे, जिल्हा परिषदेचे किंवा पाटबंधारे खात्याचे असेल. त्याप्रमाणे लेखी कळवून संमती घ्यावी, व मासेमारीचा ठेका असेल तर ठेकेदार संस्थेस पहिल्या दिवसापासून बरोबर घ्यावे.

काळ चैत्र-वैशाखाचा उत्तम. त्या वेळी पाणी उतरलेले असते व पर्णी थोड्या जागेत गोळा झालेली असते. फुलोऱ्यापूर्वी काम झाले तर फारच चांगले.

मोठ्या पाण्यावर जाड दोरास बांबू बांधून त्यांची आडवी साखळी करावी, व ती दोन्ही काठांवरून ओढीत पर्णी एका बाजूस आणावी. वारा ज्या काठाकडे वाहतो त्याच काठाकडे ओढावी. वाऱ्याशी भांडू नये. काठास आलेली पर्णी लांब दांड्याच्या दाताळ्यांनी ओढून वर काढावी. मुळासकट निघाली पाहिजे. विळ्याने पाने कापून समाधान मानू नये, कारण बुडखा राहिला की पुन्हा फुटतो. जेसीबी मिळाला तर काठाचे काम लवकर होते. पण यंत्राच्या दातांतून सुटलेले तुकडे पाण्यात तरंगत राहतात, व ते टिपण्यास मागून माणसे लागतातच.

काम चालू असता सांडव्याच्या तोंडाशी जाळी बसवावी. सुटलेली पर्णी ओढ्याने खाली गेली तर आपल्या श्रमांतून खालच्या गावास संकट पोहोचेल. काही ठिकाणी पर्णी काढण्याऐवजी ती मुद्दाम प्रवाहात लोटून देतात व तळे साफ झाले म्हणतात. ह्यास सफाई म्हणता येत नाही; ही तर आपली विपत्ती शेजाऱ्याच्या दारात टाकणे होय. वरच्या गावाने आपणांवर तसे केले असता जे दुःख आपणांस होते, तेच खालच्या गावासही होते.

पाण्यात उतरणाऱ्यांच्या जिवाची काळजी प्रथम घ्यावी. पोहणारीच माणसे उतरवावी, त्यांच्या कमरेस दोर असावा, व दोराचे दुसरे टोक काठावर कोणाच्या तरी हातात असावे. पर्णीत साप असतात. आधी बांबूने चाळवून पाहावे. अंगावर जखम असलेल्याने घाण पाण्यात जाऊ नये. काम संपल्यावर साबणाने अंग धुवावे, व पुढे ताप आला तर पाण्यात काम केल्याचे डॉक्टरास सांगावे.

७. काढलेल्या पर्णीचे काय करावे

ओली जलपर्णी फार जड असते. तिच्या वजनात दहापैकी नऊ भागांहून अधिक पाणीच असते. काठावरच ढीग लावून ठेविला, तर पहिल्या पावसात तो पुन्हा तळ्यात जातो. म्हणून पाळीपासून दूर, पाणी परत तळ्याकडे वाहणार नाही अशा जागी ती पसरून चार दिवस वाळवावी. मलूल झाली की वजन उतरते व बैलगाडीतही पुष्कळ मावते.

हिच्यात पोटॅश चांगला असल्यामुळे खत उत्तम होते. यवतमाळ जिल्ह्यातील पुसदचे नारायण देवराव पांढरीपांडे, ज्यांस लोक नाडेप काका म्हणून ओळखतात, त्यांनी दाखविलेली नाडेप रीत ह्या कामास सोईची आहे. १० फूट लांब, ६ फूट रुंद व ३ फूट उंच असे विटांचे टाके बांधून भिंतींत हवेसाठी भोके ठेवावी. आत वाळलेल्या पर्णीचा थर, त्यावर शेणकाला, त्यावर माती, असे थर भरीत जावे व वरून शेणमातीने लिंपून घ्यावे. ओल टिकविली तर तीन-चार महिन्यांत खत तयार होते. दोन गोष्टी मात्र सांभाळाव्या. फुलावर आलेली किंवा बी धरलेली पर्णी खतात न घालता वाळवून जाळून टाकावी. आणि जेथे कारखान्याचे पाणी मिसळते तेथील पर्णी शेतास किंवा जनावरांस मुळीच घालू नये; ही वनस्पती पाण्यातील विषारी धातू आपल्यात साठवून ठेविते.

८. किड्यांचे साहाय्य

हिचे शत्रू मागे राहिले असे वर सांगितले. त्यांतील दोन जातींचे भुंगेरे, ज्यांस शास्त्रात निओकेटिना म्हणतात, ते १९८२ साली अमेरिकेतील फ्लोरिडाहून बंगळुरास आणिले गेले, व आपल्या पिकांस ते खात नाहीत अशी खात्री करून घेऊन तेथील तलावांवर सोडण्यात आले. भुंगेरा तांदळाच्या दाण्याएवढा असतो. तो पान कुरतडतो. त्याची अळी देठातून पोखरीत बुडापर्यंत जाते, रोप कुजते व बुडते. केरळात साल्व्हिनियावर १९८३ पासून दुसऱ्या जातीचा भुंगेरा सोडून मोठे यश आले. मध्य प्रदेशातील कटनी जिल्ह्यात एका गावतळ्यावर २०१९ च्या अखेरीस तोच भुंगेरा सोडिला असता सुमारे दीड वर्षात तळे मोकळे झाले. प्रत्येक भुंगेरा आपलेच तण खातो. जलपर्णीचा साल्व्हिनियास चालत नाही.

हा उपाय स्वस्त आहे, पण सावकाशीचा आहे. जलपर्णीस दोनपासून चार-पाच वर्षे लागू शकतात; आणि ज्या तळ्याची पर्णी दरवर्षी पुरात वाहून जाते तेथे भुंगेरेही वाहून जातात. आफ्रिकेतील व्हिक्टोरिया सरोवरावर १९९५ नंतर हे भुंगेरे सोडिले, इतर कारणांचीही मदत झाली, व काही वर्षांत पर्णी बरीच ओसरली. पण सरोवरात घाण येतच राहिली, तेव्हा तिने पुन्हा डोके वर काढिले. ज्या गावास हा उपाय करून पाहावयाचा असेल त्याने जिल्ह्याच्या कृषी विज्ञान केंद्रामार्फत जबलपूरच्या तणविषयक राष्ट्रीय संस्थेचा सल्ला घ्यावा.

९. औषधाविषयी सावधगिरी

फवारणीने पर्णी मरते हे खरे. पण मेलेली पर्णी त्याच पाण्यात कुजते, प्राणवायू संपतो व मासे मरतात; शिवाय ज्या तळ्यावर जनावरे पाणी पितात व बाया धुणे धुतात त्यात विष पडते. ग्लायफोसेट ह्या तणनाशकाचा वापर केंद्र सरकारने ऑक्टोबर २०२२ मध्ये निर्बंधित करून तो परवानाधारक कीड-नियंत्रकांपुरता ठेविला. सबब दुकानातून बाटली आणून तळ्यावर फवारणे हा उपाय कोणीही करू नये असे आम्ही स्पष्ट सांगतो.

१०. गावाने काय ठरवावे

आता शेवटची व आमच्या मते सर्वांत कठीण गोष्ट. हे काम कोणी करावे? गावात घाण काढण्याचा प्रसंग आला की एका विशिष्ट वस्तीस हाक मारावी, ही खोड अद्याप गेलेली नाही. पाणी सर्वांचे, आणि चिखल मात्र वेशीबाहेरच्यांचा, हा हिशेब अन्यायाचा आहे. १९२७ साली महाड येथे डॉ. आंबेडकर व त्यांचे सहकारी चवदार तळ्यावर गेले ते तळे सर्वांचे आहे हे दाखविण्यासाठी. जे तळे सर्वांचे, त्याची सेवाही सर्वांची असली पाहिजे. आमच्या वाचकांपैकी ज्यांस अशी हाक येईल त्यांनी काम टाकू नये, पण ग्रामसभेत उभे राहून नम्रतेने व निर्भयपणे सांगावे की प्रत्येक आळीतून माणसे निघू द्या, आम्हीही निघतो. आणि मजुरीने काम करावयाचे असेल तर पुरी मजुरी व हातमोजे, बूट ही साधने मागावी. हे मागणे उद्धटपणाचे नाही.

ग्रामसभेने पुढील चार ठराव करावे असे आम्ही सुचवितो. पहिला, चैत्र-वैशाखात सात दिवस सर्व आळ्यांनी मिळून पर्णी शेवटच्या रोपापर्यंत काढावी. दुसरा, त्यानंतर दर आठवड्यास एका आळीने पाळीवरून फेरी घालून दिसेल ते रोप उपटावे. आषाढ-श्रावणात काठाच्या ओल्या चिखलाकडे विशेष पाहावे, कारण बी तेथेच रुजते. तिसरा, ज्या नाल्या तळ्यास मिळतात त्यांवरील घरांस प्रथम शोषखड्डे करून द्यावे. चौथा, बाहेरून आलेली जाळी, होड्या व मत्स्यबीजाची भांडी पाण्यात घालण्यापूर्वी तपासावी.

फेरीची वही शाळेत ठेवावी व मुलांस तीत नोंद करावयास शिकवावे. गावोगावचे शिक्षक व उपदेशक ह्यांना हे काम सहज साधेल. त्यांचे गावातील सर्व आळ्यांत येणेजाणे असते. मोठा गाजावाजा करून एक दिवस तळे साफ करणारी गावे पुष्कळ आहेत. तिसऱ्या वर्षी, जेव्हा तळ्यावर काहीच दिसत नाही, तेव्हाही आपल्या पाळीच्या आठवड्यास फेरी घालणारी गावे थोडी. आणि तळी त्यांचीच मोकळी राहतात.

अभ्यासासाठी प्रश्न

१. आपल्या गावातील नाली शेवटी कोठे जाते? स्वतः चालत जाऊन पाहा व सांगा.

२. दहा रोपे पंधरा दिवसांत दुप्पट होतात असे धरून सहा महिन्यांनी किती होतील? हिशेब करून दाखवा.

३. तळे आटल्यावरही जलपर्णी पुन्हा का येते?

४. पर्णी प्रवाहात लोटून देण्यास सफाई का म्हणता येत नाही?

५. आपल्या गावात फेरीची पाळी लावावयाची झाल्यास कोणती आळी वगळली जाण्याचा संभव आहे, व ते टाळण्यासाठी काय करावे?